जोडनावे आणि त्यांचे टीकाकार

आईच्या नावातले एखादे अक्षर आणि बापाच्या नावातले एखादे अक्षर घेऊन मुलीचे नाव गुंफण्याची जी चाल अलीकडे आपल्या शिकल्यासवरल्या घरांतून रूढ झाली आहे, तिच्याविषयी जाणत्यांच्या बैठकीत दोन शब्द बरे ऐकू येतील तर शपथ! प्रशांत आणि ज्ञानदा यांची मुलगी प्रज्ञा झाली तर कोणाची हरकत नसते. कारण तेथे अक्षरे जुळविता जुळविता एक जुना व प्रतिष्ठित शब्द हाती लागलेला असतो. परंतु निखिल आणि यशोदा यांनी आपल्या मुलीस निया म्हटले, की भुवया वर चढल्याच. ‘याचा अर्थ काय?’ हा पहिला प्रश्न. ‘हा शब्द कोणत्या भाषेतला?’ हा दुसरा. आणि ‘आमच्या वेळी असली थेरे नव्हती’ हे भरतवाक्य. टीका एवढ्यात आटोपते. आणि नाव ठेवणारे आईबाप ओशाळून कोठल्या तरी यादीत सापडलेला एखादा भरजरी अर्थ पुढे करून वेळ मारून नेतात.

आमचे म्हणणे असे की, या प्रकरणात टीकाकार चुकतात आणि ओशाळणारे आईबापही चुकतात. पहिल्यांची चूक आपल्याच परंपरेच्या अज्ञानातून होते, दुसऱ्यांची भिडेपोटी. जोडनावाला अर्थ आहे. तो कोशात नाही, घरात आहे, इतकेच. आणि आपल्या समाजात मुलीचे व तिच्या आईचे नावाच्या बाबतीत आजवर जे झाले ते ध्यानात घेता, तो अर्थ प्रज्ञा आणि प्रतिभा यांच्या अर्थाहून तसूभरही हलका नाही. हे आम्ही क्रमाने दाखवू इच्छितो.

प्रथम अर्थहीनतेचा आक्षेप घेऊ. विशेषनामास व्युत्पत्ती असलीच पाहिजे, हा हट्ट संस्कृताभिमानी मंडळी धरितात; परंतु संस्कृत व्याकरणाने तो धरिलेला नाही. शब्दांची प्रवृत्ती सांगताना महाभाष्यकार पतंजलींनी जातिवाचक, गुणवाचक आणि क्रियावाचक शब्दांच्या जोडीला यदृच्छाशब्द असा एक चौथा वर्ग गणला आहे. गाय ही जात, पांढरा हा गुण, चालता ही क्रिया. आणि डित्थ हे कोणीतरी कोणाला तरी आपल्या इच्छेने ठेवलेले नाव. ह्या चौथ्या वर्गावर पुढे शास्त्रार्थ पुष्कळ झाला, स्वतः भाष्यकारांनीच त्याविरुद्धचा पक्षही मांडून दाखविला; तथापि डित्थ हे उदाहरण पिढ्यान्‌पिढ्या काव्यशास्त्राच्या ग्रंथांपर्यंत चालत आले. त्या डित्थाला त्याच्या नावाचा धातू कोणता म्हणून कोणी दारात अडविल्याचे ऐकिवात नाही. दोन हजार वर्षांपूर्वीच्या वैयाकरणाला जी गोष्ट सहज पटत होती, ती आजच्या पदवीधराला पटू नये, हे नवल आहे.

दुसरा आक्षेप शास्त्राचा. ‘मुलींची नावे कशी असावीत हे आपल्या शास्त्रकारांनी ठरवून दिले आहे’ असे म्हणणाऱ्यांनी ते शास्त्र एकदा उघडून पाहावे, अशी आमची नम्र सूचना आहे. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात स्त्रीचे नाव सुखाने उच्चारता येणारे, कठोर नसलेले, स्पष्टार्थ, मनोहर, मंगल आणि दीर्घान्त असावे असे सांगितले आहे, हे खरे. पण त्याच स्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात नक्षत्र, वृक्ष, नदी, पर्वत, पक्षी आणि सर्प यांची नावे धारण करणाऱ्या मुलीशी विवाह करू नये, असेही सांगितले आहे. म्हणजे रोहिणी, रेवती आणि अनुराधा गेल्या, बकुळा आणि चंपा गेल्या, मैना गेली, आणि गंगा, यमुना, गोदावरी, कृष्णा, कावेरी ह्या सगळ्याच एका दमात वाहून गेल्या! ज्या महाराष्ट्रात नद्यांची नावे घेतलेल्या आज्या घरोघर होऊन गेल्या, त्या महाराष्ट्राने मनूचे हे वचन किती पाळले ते सांगावयास नको. आश्वलायन गृह्यसूत्र पुरुषाच्या नावात सम आणि स्त्रीच्या नावात विषम अक्षरे असावीत असे सांगते. त्या हिशेबाने सीता, राधा, उमा, रमा ही दोन अक्षरी नावे सदोष ठरतात. सीतेचे नाव सदोष म्हणण्याची ज्याची तयारी असेल त्याने खुशाल नियेच्या नावाला दोष द्यावा. बाकीच्यांनी हे मान्य करावे, की नाव ठेवताना आपल्या समाजाने शास्त्रापेक्षा मायेचेच अधिक ऐकले आहे.

तिसरा आक्षेप असा की, अक्षरे वेचून नाव बनविणे ही केवळ यांत्रिक करामत आहे. हा आक्षेप विशेष गमतीचा. कारण तो बहुधा ज्या घरातून येतो तेथे नावाचे आद्याक्षर पंचांगातून काढलेले असते! अवकहडा चक्राप्रमाणे प्रत्येक नक्षत्राच्या चार चरणांना चार अक्षरे नेमून दिलेली आहेत. अश्विनीला चू, चे, चो, ला. आणि आर्द्रेला कू, घ, ङ, छ. आर्द्रेच्या तिसऱ्या चरणावर जन्मलेल्या मुलीच्या वाट्याला ङ येतो, आणि मग ङ ने सुरू होणारे नाव कोठून आणावे या विवंचनेत जोशीबुवांनाच पळवाट शोधून द्यावी लागते. आकाशातील चंद्राच्या स्थानावरून अक्षर मिळाले तर ते पवित्र, आणि ज्या दोन माणसांनी मुलीस जन्म दिला त्यांच्या नावांतून मिळाले तर ती करामत! हा न्याय आम्हांस समजत नाही.

शिवाय, अक्षरे वेचून शब्द घडविणे हे जर पोरकट असेल, तर पाणिनी हा पोरकटांचा शिरोमणी म्हणावा लागेल. चौदा शिवसूत्रांतून एक आरंभीचे अक्षर आणि एक अखेरची खूण घेऊन त्याने अच्, हल्, अल् असे प्रत्याहार रचिले आणि त्यांवर आपल्या अष्टाध्यायीची उभारणी केली. अच् या इवल्या शब्दाला प्रत्याहार म्हणून स्वतंत्र व्युत्पत्ती नाही. पण अ पासून च् पर्यंतचे सर्व स्वर त्याच्या पोटात आहेत. दोन टोके धरली की मधला सगळा समुदाय हाती येतो, ही त्यातली युक्ती. जोडनावाचे मर्म याहून वेगळे नाही. एका टोकाला आई, एका टोकाला बाप. आणि त्या दोन अक्षरांच्या मध्ये एक सगळे घर.

‘आमच्या वेळी असली थेरे नव्हती’ या भरतवाक्याला फार वेळ देण्याचे कारण नाही. प्रत्येक पिढीची नावे मागच्या पिढीला थेरेच वाटली आहेत. काशी, भागीरथी आणि द्वारका यांच्या घरात सुलोचना, मालती आणि कुमुदिनी आल्या तेव्हाही नाके मुरडली गेली असतीलच. नवे नाव काळाने जुने होते आणि जुने झाले की प्रतिष्ठित होते. १९०५ साली ब्रह्मदेशात जन्मलेल्या एका मराठी मुलीचे नाव तिथल्या नदीवरून इरावती ठेवण्यात आले. तीच मुलगी पुढे इरावती कर्वे म्हणून समाजशास्त्रात आणि मराठी निबंधात अग्रगण्य ठरली. आज ते नाव कोणाला परके वाटते? परदेशांतही हेच. जोनाथन स्विफ्ट ह्या लेखकाने एस्थर व्हॅनहोम्री ह्या आपल्या स्नेहपात्र स्त्रीच्या आडनावाचा आरंभ आणि तिच्या नावाचे लाडके रूप सांधून व्हॅनेसा हे नाव तयार केले. ते ज्या काव्यात आले ते १७२६ साली प्रसिद्ध झाले. त्यापूर्वी कोणत्याही कोशात नसलेले हे जोडनाव आज इंग्रजी बोलणाऱ्या जगात हजारो मुली निःशंकपणे वागवितात. आणि त्यांच्यापैकी कितीजणींना ते जोडलेले आहे याची कल्पना असेल, ही शंकाच आहे.

येथवर आम्ही केवळ आक्षेपांचे निरसन केले. पण नावाचा प्रश्न हा मुळात व्याकरणाचा नव्हे, हे सांगितल्यावाचून आमचे म्हणणे पुरे होणार नाही.

स्पष्ट अर्थ हेच नावाचे भूषण असेल, तर ‘नकुशी’ या नावासारखे भूषणास्पद नाव नाही. ते अस्सल मराठी आहे, त्याचा अर्थ शेंबड्या पोरालाही कळतो, आणि त्यासाठी कोश उघडावा लागत नाही. मुलाची वाट पाहणाऱ्या घरात पुन्हा मुलगी झाली की तिचे नाव नकुशी ठेवावयाचे, म्हणजे पुढच्या खेपेस मुलगा होईल, अशी ही समजूत. सातारा जिल्ह्यात २०११ साली अशा २८५ मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. २८५ हा केवळ आकडा नव्हे. शाळेच्या हजेरीत रोज सकाळी ‘नको असलेली’ म्हणून हाक ऐकून ‘हजर’ म्हणणाऱ्या त्या जित्याजागत्या मुली होत्या. धोंडू, दगडू, केरू, भिकू अशी नावे मुलग्यांनाही ठेवीत असत, हे आम्हांस ठाऊक आहे. पण त्यांतला भाव पाहावा. मुलगा इतका हवासा की त्याच्यावर काळाची दृष्ट पडू नये म्हणून त्याला दगड म्हणावयाचे. आणि मुलगी इतकी नकोशी की तिला तसेच म्हणावयाचे! दोन्ही नावे दिसावयास ओबडधोबड. परंतु एक मायेच्या पोटी आलेले, दुसरे तिरस्काराच्या.

आता या नकुशीशेजारी ती निरर्थक म्हणून हिणविलेली निया उभी करा. जिच्या नावात आईबापांनी स्वतःस ओवून ठेविले, ती मुलगी त्यांना हवी होती, याला आणखी कोणता पुरावा पाहिजे? कोशातला शब्द कोणालाही देता येतो. आपल्या नावाचा तुकडा मनुष्य आपल्या माणसालाच देतो.

आणि ह्या तुकड्यांपैकी एक आईचा आहे, ही गोष्ट तर आम्हांस सर्वांत महत्त्वाची वाटते. आपल्या नामपद्धतीत आईला जागा कोठे होती? बारशाच्या दिवशी पाळण्याभोवती बायकांची गर्दी. पण बाळाच्या कानात नाव सांगण्याचा मान आत्याचा, म्हणजे बापाच्या बहिणीचा. नाव पुष्कळदा बापाच्या आईचे. त्याच्यापुढे बापाचे नाव, आणि त्याच्यापुढे बापाचे आडनाव. नऊ महिने जिने ओझे वाहिले तिचा त्या तीन शब्दांत मागमूस नाही! ही उणीव आता कुठे शासनाच्या ध्यानात आली. २०२४ च्या मार्चमध्ये महाराष्ट्र शासनाने असा निर्णय केला की, १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्यांच्या शासकीय कागदपत्रांत मुलाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव असा क्रम असावा. निर्णय स्तुत्य आहे. परंतु शासनाला हे सुचण्यापूर्वीच कित्येक तरुण दांपत्यांनी कोणताही गाजावाजा न करता, कोणत्याही परिषदेत ठराव न मांडता, आपल्या मुलीच्या नावातच आईला अर्धी जागा देऊन टाकली होती. ज्या गोष्टीला आमचे टीकाकार थेर म्हणतात, तिच्यात हा केवढा न्याय दडला आहे!

ही मोकळीक मुलीच्याच बाबतीत अधिक का आढळते, याचेही कारण फारसे सुखावह नाही. मुलाचे नाव म्हटले की आजोबांचे नाव, कुलदैवत, रास, वंशाचा दिवा, सगळे एकदम जागे होतात. मुलगी ‘परक्याचे धन’. तिचे नाव काय ठेवावयाचे ते ठेवा, अशी वडीलधाऱ्यांची उदार उपेक्षा. त्या उपेक्षेच्या फटीत हे रोप उगवले आहे. पण रोप कोठेही उगवो, त्याला आलेले फूल खरे आहे. आणि उद्या मुलग्यांच्या नावांतही आईचे अक्षर याच सहजतेने येऊ लागले तर आम्हांस आनंदच होईल.

येथे आम्हांस जोडनावाच्या टीकाकारांकडून त्याच्या पाठीराख्यांकडे वळले पाहिजे. कारण नावाचे खरे नुकसान तेच करीत आहेत. दोन अक्षरे प्रेमाने जोडावयाची आणि मग कोणी अर्थ विचारला की घाबरून ‘ते लक्ष्मीचे नाव आहे’, ‘तो दुर्गेचा अंश आहे’ अशी थाप ठोकून द्यावयाची, हा प्रकार शोचनीय आहे. नावांच्या पुस्तकांतून आणि महाजालावरील याद्यांतून हा व्यापार सर्रास चालतो. जे नाव कोठेच सापडत नाही ते तेथे लक्ष्मीचे असते. सान्वी म्हणजे लक्ष्मी, असे त्या याद्या निःशंकपणे सांगतात. अमरकोशात लक्ष्मीची नावे म्हणून पद्मा, पद्मालया, कमला, हरिप्रिया हे शब्द आढळतात. सान्वी आढळत नाही. त्याचप्रमाणे ‘अंशी’ हे शेपूट लावून हव्या त्या देवतेचा अंश निर्माण करण्याची टूम निघाली आहे. परंतु शास्त्राच्या भाषेत अंशी म्हणजे अंश नव्हे, तर ज्याचे अंश असतात तो. म्हणजे मुलीला देवाचा तुकडा करावयास गेले आणि देवच तिचा तुकडा ठरला! सान्वी हे नाव गोड आहे, याबद्दल आमची तक्रार नाही. तक्रार आहे ती त्या गोडव्याला खोट्या वंशावळीची गरज भासते, याबद्दल.

ही थाप निरुपद्रवी आहे असे कोणी म्हणेल. आम्ही तसे मानीत नाही. मुलगी मोठी होते, शिकते, एखादे दिवशी कोश उघडते आणि आपल्या नावाचा सांगितलेला अर्थ खोटा होता हे तिला कळते. तिने आईबापांच्या शब्दावर विश्वास ठेवून वर्गात, मैत्रिणींत, नोकरीच्या मुलाखतीत तो अर्थ सांगितलेला असतो. खरा अर्थ सांगितला असता तर? ‘माझ्या नावात माझी आई आणि माझे बाबा आहेत’ या उत्तरापुढे कोणता कोश तोंड उघडणार होता? जे उत्तर खरे, सुंदर आणि अभेद्य आहे ते लपवून ठेवून तिच्या हाती फुटके नाणे देणे, हा त्या मुलीवर अन्याय आहे.

जोडनाव म्हणून जे जे समोर येईल ते ते उत्तमच, असा आमचा आग्रह नाही. मनूचे ते ‘सुखाने उच्चारता येणारे’ आम्ही शिरसावंद्य मानतो. त्र्यंबक आणि ज्योत्स्ना यांनी आपली आद्याक्षरे मुलीच्या गळ्यात बांधण्यापूर्वी दहा वेळा विचार करावा. आणि माधव व शीला यांनी तर करूच नये, कारण त्यांच्या पदरी माशी येईल! नाव हे हाक मारण्यासाठी असते. ते गल्लीच्या टोकावरून ओरडता आले पाहिजे, आजीच्या दात पडलेल्या तोंडात मावले पाहिजे, आणि रागाच्या भरातही गोड लागले पाहिजे. जी जोड या कसाला उतरत नाही तिच्याऐवजी सरळ एखादे जुने नाव घ्यावे. त्यात कमीपणा नाही. ज्या नावाचे स्पेलिंग मुलीला जन्मभर समजावून सांगावे लागेल, तेही टाळलेले बरे.

आता शेवटचा आणि आमच्या दृष्टीने निर्णायक मुद्दा. आपल्याकडे मुलीचे नाव हे तिच्या मालकीचे कधीच नव्हते. लग्नात ताटात तांदूळ पसरून सोन्याच्या अंगठीने त्यावर नवे नाव लिहिले, की जुने नाव माहेरच्या फडताळात बंद. रमाबाई रानडे माहेरच्या यमुना. आणि १८८६ साली फिलाडेल्फियात वैद्यकाची पदवी मिळविणाऱ्या आनंदीबाई जोशी, त्याही माहेरच्या यमुनाच. दोन यमुना दोन घरी गेल्या आणि दोघींचीही नावे बदलली. त्या दोघींच्या पतींनी त्यांना शिकविले, वाढविले, हे ऋण कोणी नाकारीत नाही. परंतु बायकोचे नाव आपण ठेवावयाचे असते, याविषयी त्या सुधारक घरांतही शंका आलेली दिसत नाही, इतकी ही रूढी अंगवळणी पडलेली होती. बापाचे नाव आणि आडनाव लग्नाबरोबर सुटावयाचे, आणि उरलेला एकुलता एक शब्दही तांदळात पुसून जावयाचा!

आज पुष्कळ घरांत हे नाव बदलणे बंद झाले आहे. पुष्कळ घरांत ते हौस म्हणून चालू आहे. ‘एवढीशी तर हौस’ असे म्हणणाऱ्यांनी जोडनावाच्या मुलीपुढे हे ताट ठेवून पाहावे. प्रज्ञाची प्रतिभा केली तर एक चांगला शब्द जाऊन दुसरा चांगला शब्द आला, असे समाधान करून घेता येईल; जरी आम्हांस तेही मान्य नाही. पण निखिल व यशोदा यांची निया पुसली, तर काय पुसले? जी आई तिच्या नावापुढे कधी नव्हती आणि जो बाप आता तिच्या नावापुढे राहणार नाही, ती दोघे तिच्यापाशी जेथे शिल्लक होती, तो शब्दच अंगठीच्या टोकाने मोडून टाकला. जोडनाव ही मुलीने बरोबर न्यावयाची शिदोरी आहे. सासरचे आडनाव घ्यावे की न घ्यावे हा तिचा तिने ठरवावयाचा प्रश्न. पण ही शिदोरी हिसकावून घेण्याचा अधिकार कोणालाही नाही.

तेव्हा जोडनावे ठेवणाऱ्या आईबापांस आमचे सांगणे थोडक्यात असे: जोड कानाला गोड लागेल अशी निवडा, आईचे अक्षर पुढे ठेवावयास भिऊ नका, कोणी अर्थ विचारला तर लक्ष्मीला मध्ये न घालता खरा अर्थ सांगा, आणि तो मुलीला तिच्या लहानपणीच सांगा. आणि तिच्या लग्नात कोणी तांदळाचे ताट व अंगठी पुढे आणलीच, तर तिचे आहे तेच नाव त्यावर ठळक अक्षरांत लिहिण्यास सांगा. हौसही पुरी होईल, आणि मुलगीही शाबूत राहील.